पणजोबांच्या तीन खणी

करवीर तालुक्यातल्या एका वाचकांनी घरातल्या जुन्या वाटणीपत्राच्या दोन पानांचे फोटो पाठवलेत. कागद १९३८ सालचा, म्हणजे संस्थानी अमलातला; अक्षर बाळबोध आणि सुदैवानं लागण्यासारखं. पणजोबांनी दोन मुलांना घर-जमीन वाटून दिली त्याचा तपशील आहे. थोरल्याच्या वाट्याची ओळ अशी: ‘राहते घरापैकी सोपा तीन खणी व मागील परडे निमे.’ (सोपा म्हणजे घराचा ओसरीसारखा पुढचा भाग, परडं म्हणजे घरामागची मोकळी जागा.) या ‘तीन खणी’वरून भावकीत असा समज झालाय की पणजोबांच्या मालकीच्या तीन दगडाच्या खणी होत्या आणि त्या मधल्या काळात कुणीतरी लाटल्या. चुलतभाऊ जुने उतारे काढायला निघालेत. वाचकांचा प्रश्न एवढाच: ‘खणी म्हणजे नक्की काय, आणि त्या गेल्या कुठं?’

कुठं गेल्या नाहीत, कारण त्या नव्हत्याच. ‘सोपा तीन खणी’ म्हणजे तीन खणांचा सोपा. लिहिणाऱ्यानं ‘तीनखणी’ हा एकच शब्द दोन तुकड्यांत लिहिला आणि ऐंशी-पंच्याऐंशी वर्षांनी त्या रिकाम्या जागेत तीन खाणी उभ्या राहिल्या. नऊवारी लुगड्याला ‘नऊ वारी’ असं सुटं लिहिलं तर त्यातून पंढरीच्या नऊ वाऱ्या निघत नाहीत, तसंच हे. दुमजली, पाचवारी, चौपदरी, तीनखणी अशी ही सगळी विशेषणं एका माळेतली.

मग हा घरातला खण काय असतो? हल्ली कुणाला विचारलं तर टेबलाचा खण सांगतील, बायका चोळीचा सांगतील. लाकूडकामाच्या घरात राहिलेली माणसं कमी उरली, त्यामुळं हा अर्थ पुसट झालाय. मला तो कसा कळला ते सांगतो. कोल्हापुरात शिवाजी पेठेत आमच्या आजोळी मोठा सोपा होता. सुट्टीत दुपारी तिथं घोंगडं टाकून आम्ही पोरं उताणी पडायचो. वर तुळया, तुळयांवर कड्या, कड्यांवर फळ्या आणि फळ्यांच्या फटींतून अधूनमधून गळणारी माती. एकदा आज्जीनं विचारलं, ‘सोपा किती खणांचा, सांग बघू.’ मी तुळया मोजल्या आणि म्हटलं, चार. आज्जी हसली. ‘लाकूड मोजू नगंस. मधली जागा मोज की.’ परत मोजलं तर पाच झाले. दोन टोकांना दोन भिंती, मधे चार तुळया, आणि त्यांच्यामधल्या रिकाम्या पट्ट्या पाच. तो पाचखणी सोपा.

खण म्हणजे दोन तुळयांमधलं अंतर. घराची मापं या खणात सांगायची पद्धत होती, आणि ती सोयीची होती. तुळई जिथं टेकते तिथं खाली खांब, त्यामुळं खण जमिनीवरही दिसायचा. बिऱ्हाडकरूला ‘दोन खण देतो’ म्हटलं की किती जागा ते त्याला बरोबर कळायचं. भावांच्या वाटणीत भिंत घालायची तर ती खांबाच्या रेषेतच घालावी लागे, मधे कुठंही घालून चालत नसे. म्हणून वाटणीपत्रात फूट-इंचांऐवजी खण. तुमच्या पणजोबांनी सोप्याचे खण मोजून दिले, म्हणजे मधली भिंत कुठं येणार हेसुद्धा त्याच ओळीत सांगून ठेवलं.

आता गंमत पुढच्या पानावर आहे, आणि वाचकांच्या ती नजरेतून सुटली असावी. धाकट्याच्या जमिनीची चतुःसीमा लिहिताना कारकुनानं लिहिलंय, ‘पूर्वेस खणीचा बांध.’ आणि अगदी शेवटी, ‘भगिनीस दरसाल दिवाळीस लुगडे व खण देत जावे.’ म्हणजे एकाच कागदात तीन वेळा खण आणि तीन वेळा निराळी वस्तू. सोप्याचा खण लाकडाचा, चोळीचा खण कापडाचा आणि पूर्वेची ती खण मात्र खरोखर दगडाची! भावकीला खाण हवीच असेल तर ती शेजाऱ्याच्या अंगाला आहे. तुमच्याकडं फक्त तिचा बांध येतो.

एका अक्षराचा फरक नसताना हे ओळखायचं कसं? लिंगानं. घराचा, टेबलाचा आणि चोळीचा तो खण. अनेकवचनातही तो खणच राहतो: एक खण, तीन खण. विभक्ती लावली की ‘खणात’, ‘खणाला’, ‘खणाचा’. दगडाची मात्र ती खण. अनेकवचन खणी, आणि पुढं ‘खणीत’, ‘खणीला’, ‘खणीचा’. किल्ली टेबलाच्या खणात असते आणि गणपती रंकाळा तलावाजवळच्या इराणी खणीत जातो. कोल्हापुरात कुणी ‘इराणी खणात विसर्जन’ म्हटलं तर पेठेतलं शेंबडं पोरगंही हसेल. मोठाल्या मूर्ती हल्ली पंचगंगेऐवजी तिथंच जातात, त्यामुळं अनंत चतुर्दशीच्या बातम्यांत हे स्त्रीलिंगी रूप दरवर्षी न चुकता छापून येतं. शहरांत इतरत्र बरेच लोक फक्त ‘खाण’ म्हणतात. आपल्याकडं खण तोंडात टिकली ती अशा जागांच्या नावांमुळं. पुन्हा तिच्यात पाणी असतं, म्हणून तिचा अर्थ जरा सरकलाय. कोळशाची, सोन्याची ती खाण. दगड काढून झाल्यावर उरलेला आणि पावसानं भरलेला खड्डा ती खण. रंकाळासुद्धा मुळात दगडाची खणच होता आणि पुढं भूकंपानं त्यात पाणी फुटलं, असं जुनी माणसं सांगतात.

लिंग निराळं असतं तिथं बऱ्याचदा शब्दाचं कूळही निराळं निघतं. इथं तसंच आहे.

स्त्रीलिंगी खण सरळ आहे. संस्कृतात खणण्याचा धातू ‘खन्’, त्यावरून ‘खनि’. अमरकोशात ‘खनिः स्त्रियामाकरः स्यात्’ असं म्हटलंय. आकर म्हणजे खाण, आणि ‘स्त्रियाम्’ म्हणजे हा शब्द स्त्रीलिंगी चालवा. अमरानं सांगितलेलं लिंग कोल्हापूरकर अजून पाळतात. मधल्या ‘न’चा ‘ण’ होणं ही तर मराठीची जुनी खोड: पानीयचं पाणी, जनचा जण, स्थानचं ठाणं, तशी खनिची खण. खणणं, खणती, खाण, खनिज हा सगळा याच घरचा गोतावळा.

याच कुळातला एक पाहुणा दाराशी उभा आहे. किल्ल्याभोवतीचा खंदक. दिसायला अगदी खण-खणतीचा सख्खा भाऊ, पण आला फारसी-अरबीच्या वाटेनं. मुळात तो जुन्या इराणी भाषेतला, ‘खणलेलं’ अशा अर्थाचा शब्द. अरबांनी तो घेतला, आणि मग फारसी दरबारांबरोबर तो आपल्या किल्ल्यांभोवती येऊन बसला. फारसीत खणण्याला ‘कंदन’ म्हणतात. तो ‘कन्’ आणि आपला ‘खन्’ हे एकाच आईचे. म्हणजे खणणाऱ्या धातूची एक शाखा खरोखरच इराणी आहे! रंकाळ्याजवळच्या खणीच्या नावाशी याचा काही संबंध नाही, निव्वळ योगायोग. पण मला तिथून जाताना दर वेळी हसू येतं.

पुल्लिंगी खण एवढा सरळ नाही. घराचा, पेटीचा आणि कापडाचा असे त्याचे तीन अर्थ, पण बारकाईनं बघितलं तर तिन्हींत एकच कल्पना आहे: मोठ्या वस्तूचा आखून वेगळा केलेला भाग. सोप्याचा भाग तो खण. फडताळाचा, टेबलाचा, मिसळणाच्या डब्याचा कप्पा तोही खण. आणि ठाणातून एका चोळीपुरता कापलेला तुकडा तो चोळखण. तिन्ही एकाच लिंगाचे आणि एकाच अर्थाचे, म्हणून मी त्यांना ‘खंड’कडं नेतो. हिंदीत घराच्या मजल्याला ‘खंड’ म्हणतात आणि ‘खन’ही म्हणतात, त्याचा इथं आधार मिळतो. अडचण एकच. भाण्डचं भांडं झालं, दण्डचा दांडा झाला, त्या चालीनं खंडचं ‘खांड’ व्हायला हवं. तसं ते झालंही आहे: खांडणं, खांडोळी, बांधाला पडलेलं खांड. मग त्याच खंडातून ‘खण’ निघताना ‘ड’ कुठं गळाला, असा आक्षेप कुणी घेतला तर तो मला मान्य आहे. पण शब्द एका वाटेनं येऊन घरचा झाला आणि तोच दुसऱ्यांदा शेजाऱ्यांच्या तोंडून परत आला, असं भाषेत पुष्कळदा होतं. अर्थाचं पारडं मला इथं जड वाटतं.

दुसरा एक दावा आपल्या भागात हमखास ऐकू येतो. गडहिंग्लज-चंदगडाकडची मंडळी सांगतात की चोळीचा खण कानडी आहे, कारण तो येतोच मुळी गुळेदगुड्ड-इलकलकडून. कापड तिकडचं, यात वाद नाही. बागलकोट जिल्ह्यातलं गुळेदगुड्ड खणासाठीच ओळखलं जातं, आणि कानडीत ब्लाउजपीसला ‘रविके कण’ म्हणतात हेही खरं. पण त्याच कानडीत ‘कण’ म्हणजे आपलं खळं, मळणीची जागा. तो शब्द अस्सल द्राविडी. चोळीच्या कापडाला मात्र तिकडं ‘कण’ म्हणतात आणि ‘खण’ही लिहितात. ख, घ, छ, झ असले महाप्राण कानडीच्या मूळ शब्दांत नसतात; ते दिसले की शब्द संस्कृतातून किंवा शेजारच्या भाषेतून आलाय असं समजावं. तेव्हा कापड तिकडून इकडं आलं आणि शब्द इकडून तिकडं गेला, असा हा देवघेवीचा मामला दिसतो. सीमाभागात याहून मोठ्या वस्तूंचे हिशेब लागलेले नाहीत, त्यामानानं खणाचा लवकर लागला!

चोळीच्या खणाबद्दल थोडं अधिक, कारण कागदातल्या त्या भगिनीला काय मिळत होतं ते आज कळणार नाही. महाद्वार रोडला ओटीच्या दुकानात आज जो खण मिळतो, नारळाबरोबर पिशवीत घालून देतात तो, त्याची चोळी सोडाच, एक बाहीसुद्धा निघणार नाही. तो देवीला वाहायचा आणि तिथून पुन्हा दुकानात यायचा. पूर्वीचा खण म्हणजे पुरती चोळी. दोन्ही अंगांना काठ, मधे बारीक विणलेली बुट्टी, आणि दुकानदार तो त्रिकोणी घडी घालून रचून ठेवायचा. आजोळच्या फडताळात अशा घड्यांची एक चळत असायची. घडी उलगडली की कडांवर ऊन लागून उडालेल्या रंगाची रेघ दिसायची. ‘लुगडे व खण’ म्हणजे वर्षाचं अंगभर नेसणं-घालणं. वाटणीत जमीन भावांना आणि बहिणीला एवढंच. तो विषय निराळा.

कुणीतरी आता ‘क्षण’ही आणील, म्हणून तेही सांगून टाकतो. प्राकृतात क्षणाचं ‘खण’ होतं, पण मराठीत तो खण टिकला नाही. क्षणाची दुसरी प्राकृत वाट ‘छण’, आणि तिच्यातून आपला ‘सण’ आला. संस्कृतात क्षण म्हणजे उत्सव असाही अर्थ होता. ‘क्ष’ची मराठीत अशी दोन तोंडं दिसतात. क्षेत्रचं शेत, इक्षुचा ऊस, मक्षिकेची माशी एकीकडं, आणि क्षीरची खीर, क्षारचा खार दुसरीकडं. शेतातला ऊस एका वाटेनं आला आणि ताटातली खीर दुसऱ्या. तर खणाचा आणि क्षणाचा काही संबंध नाही. दिवाळीच्या सणाला बहिणीला खण मिळायचा, एवढाच.

खणखणीत नाणं, खणखणाट, कानाखाली खणकन वाजलेली ही नुसती आवाजाची नक्कल. तिला कूळ शोधायला जाऊ नये.

आता तुमच्या कामाचं. घर २०१९च्या पुरात बसलं आणि तिथं आता स्लॅब आहे, असं तुम्ही लिहिलंय; म्हणजे उताणं झोपून तुळया मोजायची सोय उरली नाही. पण अशी घरं पाडली तरी खांबांखालचे दगडी तळखडे सहसा कुणी टाकून देत नाही. परड्यात बघा, कुणीतरी धुणं आपटायला वापरत असेल, नाहीतर तुळशीपाशी बसायला केलेला असेल. सोप्याच्या दोन्ही टोकांना भिंत होती, हे घरातली जुनी माणसं सांगतील. तसं असेल तर पुढच्या रांगेतले दोन तळखडे सापडले की तुमचे तीन खण पुरे झाले.