आधी मॉरिसन, मग लेनन

आयरिश माहितीपटांपासून शिकायचंय ना? मग जॉर्ज मॉरिसनचा १९५९चा 'मिशा एरा' घे. जुन्या न्यूजरीलच्या (बातमीपटांच्या) तुकड्यांतून स्वातंत्र्यलढा उभा केलाय. एकदा आवाज बंद करून बघ. शॉन ओ रिआडाचं संगीत गेलं की देशाभिमान चित्रांत किती आणि वाद्यवृंदात किती, ते लगेच कळतं.

लगोलग पीटर लेननचा 'रॉकी रोड टू डब्लिन' लाव. पॅरिसमधला आयरिश पत्रकार, पहिलाच चित्रपट, आणि कॅमेऱ्यामागे थेट फ्रेंच दिग्दर्शक गोदारचा छायाचित्रकार राउल कुतार! (नशीबवान माणूस.) क्रांती झाली, आता तिचं करायचं काय, एवढंच तो विचारतो. १९६८ला चित्रपट फ्रान्सच्या कान महोत्सवात पोहोचला, मायदेशी मात्र कित्येक वर्षं जवळपास दिसलाच नाही.

पैसा कुणाचा, हेही बघ. मॉरिसनमागे आयरिश भाषेसाठी झटणारी गेल लिन ही संस्था होती, लेननमागे एक मित्र.