फ्रान्समधला कोणता कॅमेरामन पुढे दिग्दर्शकही झाला?

ब्रुनो न्युइतां. 'बारोको' आणि 'चाओ पांतां'च्या छायालेखनासाठी त्यांना सेझार हे फ्रान्सचे मानाचे चित्रपट पुरस्कार मिळाले. पण मला विचाराल तर आधी त्यांनीच छायालेखन केलेला 'जां द फ्लोरेत' (१९८६) बघा. भाजून निघालेली दक्षिण फ्रान्समधल्या प्रोव्हान्सची जमीन, अन् लांबून पाणी वाहून आणणारा कुबडा शेतकरी! ते ऊन बघूनच घशाला कोरड पडते.

१९८८ मध्ये त्यांनी शिल्पकार कामीय क्लोदेलवर पहिला चित्रपट दिग्दर्शित केला, 'कामीय क्लोदेल'. स्वतः एवढा मोठा छायालेखक, तरी कॅमेरा मात्र पिएर लोम यांच्या हाती दिला. मला याचं फार कौतुक वाटतं. या चित्रपटाला सर्वोत्कृष्ट चित्रपटाचा सेझार मिळाला, छायालेखनाचा लोमना आणि अभिनेत्रीचा इझाबेल अजानीला. नंतर न्युइतां यांनी मोजकेच चित्रपट दिग्दर्शित केले.