वाचकांचे प्रश्न : हाँगकाँगचे मारधाडपट घरच्या पडद्यावर

प्रश्न (नाशिक) : जुन्या कुंग-फू पटाची नवी ब्लू-रे आणली. चेहरे मेणासारखे गुळगुळीत दिसतात आणि ठोसा बसताच कपड्यांतून उडणारी पांढरी भुकटी गायब आहे. दोष टीव्हीचा की डिस्कचा?

उत्तर : आधी टीव्ही तपासा. मोशन स्मूदिंग (हालचाल गुळगुळीत करणारी सोय) आणि नॉइज रिडक्शन (चित्रातले ठिपके पुसणारी सोय) पूर्ण बंद करा, शार्पनेस खाली आणा, प्लेअरमध्ये सेकंदाला २४ फ्रेमचे (चित्रपटाच्या मूळ वेगाचे) आउटपुट चालू करा. एवढे करूनही चेहरे मेणाचेच राहिले, तर डिस्क बनवतानाच फिल्मचा ग्रेन (चित्रातले बारीक दाणे) पुसला गेला आहे. तो घरी परत आणता येत नाही.

भुकटीचे कारण वेगळे. डिस्कसाठी जुनी फिल्म स्वच्छ करताना धूळ काढणारे सॉफ्टवेअर प्रत्येक फ्रेम मागच्या-पुढच्या फ्रेमशी ताडून पाहते आणि एकाच फ्रेममध्ये दिसेल ती घाण समजते. पण भुकटी, तलवारीची ठिणगी, फुटलेल्या मडक्याचे खापर हेही एका जागी एखादीच फ्रेम टिकतात. गरगर फिरणाऱ्या काठीचे टोकसुद्धा असेच खाल्ले जाते. म्हणून मारामारीच्या शॉटवर स्वयंचलित सफाई बंद ठेवून डाग हातानेच काढायला हवेत. काम वेळखाऊ आहे, पण या चित्रपटांचा जीव त्या शॉटमध्येच आहे.

फिल्म स्कॅन करताना इन्फ्रारेड (डोळ्यांना न दिसणाऱ्या) प्रकाशानेही वाचन घेतले तर मोठी मदत होते. रंगीत फिल्ममधले रंग इन्फ्रारेड आरपार जाऊ देतात, धूळ अडवते. त्यामुळे खरी धूळ कुठे आहे याचा नकाशाच हाती येतो. मात्र मूळ निगेटिव्हऐवजी तिच्यावरून छापलेली पुढची प्रत स्कॅन केली, तर आधीच्या फिल्मवरून छापून आलेली घाण त्यात दिसत नाही.

प्रश्न (पुणे) : काही चित्रपटांत प्रत्येक कटला चित्र उडी का मारते?

उत्तर : निगेटिव्हचे तुकडे एकावर एक चढवून सिमेंटने जोडत. सांधा जाड, त्यामुळे तो गेटमधून (फिल्म धरणाऱ्या चौकटीतून) जाताना हिसका बसतो. हाँगकाँगच्या शॉ ब्रदर्स स्टुडिओच्या शॉस्कोपसारख्या रुंद चित्रांत दोन फ्रेमच्या मध्ये जागाही कमी, म्हणून सांध्याची कड चित्राच्या वर किंवा खाली डोकावते. उपाय म्हणजे कटच्या दोन्ही बाजूंच्या दोन-तीन फ्रेमच स्थिर करायच्या. सगळ्या शॉटला स्टॅबिलायझर लावला, तर हातात धरलेल्या कॅमेऱ्याची मुद्दाम ठेवलेली थरथरही मरते.

प्रश्न (पणजी) : डिस्कवर कँटोनीज (हाँगकाँगची चिनी भाषा) मोनो म्हणजे एकाच वाहिनीचा आवाज, कँटोनीज ५.१ म्हणजे चहूबाजूंच्या स्पीकरचा आवाज आणि इंग्रजी आहे. काय लावू?

उत्तर : मोनो. त्या काळी बहुतेक चित्रीकरण आवाजाविना होई, संवाद आणि ठोसे नंतर स्टुडिओत भरत. ओठ कोणत्याच भाषेत तंतोतंत जुळणार नाहीत. ५.१ बनवताना अनेकदा ठोशांवर नवे आवाज चढवतात आणि जुना करकरीत ‘फटॅक्’ हरवतो. शॉच्या सत्तरच्या दशकातल्या बऱ्याच कुंग-फू पटांना मात्र मँडरिन (दुसरी चिनी भाषा) मोनो लावा, ते त्याच भाषेत बनले. जुन्या पॅल (सेकंदाला २५ फ्रेमची टीव्ही पद्धत) डीव्हीडीवरून आवाज घेतलेला असेल तर तो ९६ टक्के वेगावर आणावा लागतो. पॅलवर २४ फ्रेमचा चित्रपट २५ ने धावतो, १०० मिनिटांचा ९६ मिनिटांत संपतो आणि आवाजाची पट्टीही चढते.

प्रश्न (कोल्हापूर) : परदेशी डिस्क इथे चालतील?

उत्तर : ब्लू-रे डिस्क जगाच्या ए, बी, सी विभागांनुसार बांधलेल्या असू शकतात. भारत सी विभागात, हाँगकाँग ए, ब्रिटन बी. डिस्कमागचे विभागचिन्ह पाहूनच मागवा, नाहीतर सर्व विभाग वाचणारा प्लेअर घ्या. ४के यूएचडी डिस्कना विभागाचे बंधन नाही, पण त्याच खोक्यात येणाऱ्या साध्या ब्लू-रेला असू शकते.