रमोन्स हा बँड नेमका कोणाचा होता आणि पंक रॉकची सुरुवात त्यांच्यापासून का मानली जाते?

आपल्या प्रश्नाचे दोन भाग आहेत. गरुडाचे गोल चिन्ह असलेला काळा टी-शर्ट आपल्याकडेही बऱ्याच तरुणांच्या अंगावर दिसतो, तो ज्यांच्या नावाचा आहे ते लोक कोण होते, हा पहिला. आणि जेमतेम तीन-चार कॉर्ड्स (एकदम वाजवायचे स्वरसमूह) वाजवणाऱ्या चौघांना रॉक संगीताच्या, विशेषतः त्यातल्या पंक या आखूड, वेगवान आणि साध्या गाण्यांच्या प्रकाराच्या इतिहासात एवढे मानाचे स्थान का, हा दुसरा. दुसऱ्या भागाचे उत्तर 'त्यांनी बंड केले' असे बहुतेक जण देऊन मोकळे होतात. मला ते अपुरे वाटते. अनेक वर्षे ही गाणी ऐकल्यावर आणि या मंडळींविषयी मिळेल ते वाचल्यावर माझे मत असे झाले आहे की रमोन्स हा बँड बंडखोरीपेक्षा शिस्तीवर अधिक उभा होता. त्यांचे संगीत, त्यांचे दीर्घायुष्य आणि त्यांची आपसांतली कटुता या तिन्ही गोष्टींचा उलगडा त्या शिस्तीतूनच होतो.

न्यूयॉर्कच्या क्वीन्स भागात फॉरेस्ट हिल्स नावाची मध्यमवर्गीय वस्ती आहे. जॉन कमिंग्स, डग्लस कॉल्विन, जेफ्री हायमन आणि बुडापेस्टमध्ये जन्मलेला, लहानपणी आईवडिलांबरोबर अमेरिकेत आलेला टॉमस एर्देली हे चौघे तिथलेच. १९७४ च्या सुरुवातीला कमिंग्स मॅनहॅटनमध्ये बांधकामावर पाइप जोडण्याचे काम करत होता आणि कॉल्विन त्याच इमारतीत टपाल वाटण्याच्या नोकरीवर होता. जेवणाच्या सुट्टीत दोघे भेटत आणि बँड काढण्याच्या गप्पा मारत. त्याच जानेवारीत दोघांनी जाऊन वाद्ये विकत घेतली. कमिंग्सने घेतलेली मोझराइट गिटार पन्नासएक डॉलरची होती. बीटल्सच्या सुरुवातीच्या काळात पॉल मकार्टनी काही दिवस 'पॉल रमोन' हे नाव लावत असे, ते कॉल्विनने उचलले. मग एकमेकांशी रक्ताचे नाते नसलेले चौघे एकाच आडनावाचे झाले: जॉनी (कमिंग्स) गिटारवर, डी डी (कॉल्विन) बेसवर, आणि जोई (हायमन) व टॉमी (एर्देली).

पहिला कार्यक्रम ३० मार्च १९७४ रोजी झाला, तेव्हा बँडमध्ये तिघेच होते आणि जोई ड्रम वाजवत होता. टॉमी व्यवस्थापक होता. जोई गायला पुढे आला तेव्हा ड्रमरचा शोध सुरू झाला. पण येणारा प्रत्येक उमेदवार आपली कारागिरी दाखवू लागे आणि बँडला नेमके तेच नको होते. कसे वाजवायचे हे दाखवायला टॉमी स्वतः बसला आणि तिथेच राहिला. त्याच वर्षीच्या १६ ऑगस्टला ते बावरी रस्त्यावरच्या सीबीजीबी या बारमध्ये प्रथम वाजवायला उभे राहिले. हा बार हिली क्रिस्टल यांनी कंट्री, ब्लूग्रास आणि ब्लूज या संगीतप्रकारांसाठी काढला होता. प्रत्यक्षात तिथे गायिका पॅटी स्मिथ आणि टेलिव्हिजन, ब्लाँडी व टॉकिंग हेड्स हे रॉक बँड घडले. रमोन्सचे तिथले सुरुवातीचे कार्यक्रम पंधरा-वीस मिनिटांत आटोपत, आणि त्यातलाही काही वेळ पुढचे गाणे कोणते यावर मंचावरच भांडण्यात जाई.

हा गोंधळ फार काळ टिकला नाही, आणि माझ्या मते खरी कथा इथे सुरू होते. जॉनीने मंचावरचे सगळे नियम ठरवून टाकले. चामड्याचे जाकीट आणि फाटक्या गुडघ्यांची जीन्स हा गणवेश झाला. दोन गाण्यांच्या मध्ये वाद्ये जुळवत बसायचे नाही आणि भाषणे करायची नाहीत. डी डीने 'वन, टू, थ्री, फोर' म्हणायचे आणि पुढचे गाणे सुरू करायचे. गिटार वाजवताना जॉनीचा उजवा हात जवळजवळ नेहमी वरून खालीच जात असे. बहुतेक गिटारवादक वर-खाली असे दोन्ही बाजूंनी फटके मारतात, त्यामुळे हाताला निम्मेच श्रम पडतात. जॉनीच्या पद्धतीने प्रत्येक फटक्याला सारखाच जोर मिळतो आणि सगळा आवाज एखाद्या सलग भिंतीसारखा उभा राहतो. पण त्या वेगाने ते करून पाहणाऱ्याचे मनगट दोन मिनिटांत भरून येते, आणि हा माणूस तासभर न थांबता तेच करत असे. सोलो, म्हणजे मध्येच एकट्या गिटारची करामत नाही, लांबलचक प्रस्तावना नाही. १९७० च्या दशकातले रॉक वीस-वीस मिनिटांच्या रचनांकडे झुकलेले असताना ज्याची गरज नाही ते सगळे काढून टाकणे हा अडाणीपणा नव्हता, तो जाणूनबुजून घेतलेला निर्णय होता.

'रमोन्स' याच नावाचा पहिला अल्बम फेब्रुवारी १९७६ मध्ये रेडिओ सिटी म्युझिक हॉलच्या इमारतीतील प्लाझा साउंड स्टुडिओत सुमारे आठवडाभरात आणि ६,४०० डॉलर खर्चात ध्वनिमुद्रित झाला. निर्माते क्रेग लिऑन यांनी गिटार एका बाजूला आणि बेस दुसऱ्या बाजूला ठेवला. हेडफोन लावून ऐकल्यास ही विभागणी अगदी स्पष्ट कळते. चौदा गाणी, एकूण वेळ अर्ध्या तासाहूनही कमी. २३ एप्रिलला तो सायर या रेकॉर्ड कंपनीतर्फे बाजारात आला आणि अमेरिकेच्या विक्रीच्या यादीत १११ व्या क्रमांकाच्या वर कधीच चढला नाही. याच अल्बमच्या काही ओळींत नाझींच्या संदर्भाचा थट्टेने वापर आहे. डी डीचे बालपण जर्मनीतल्या अमेरिकन लष्करी तळांवर गेले होते, जोई ज्यू होता आणि टॉमीचे आईवडील ज्यूंच्या संहारातून वाचलेले होते, त्यामुळे ही काळ्या विनोदाची रीत होती असे सांगितले जाते. मला ती थट्टा तेव्हाही पोरकट असणार असेच वाटते.

देशात पन्नास-शंभर माणसांसमोर वाजवणारा हा बँड ४ जुलै १९७६ रोजी लंडनच्या राउंडहाउसमध्ये खचाखच भरलेल्या सभागृहासमोर उभा राहिला. त्या श्रोत्यांत सेक्स पिस्टल्स आणि क्लॅश हे पुढे गाजलेले ब्रिटिश पंक बँड बसले होते अशी आख्यायिका आहे, परंतु हे दोन्ही बँड त्या रात्री शेफील्डमध्ये स्वतःच वाजवत होते. त्यांच्यातल्या काहींनी रमोन्सना पाहिले ते दुसऱ्या दिवशी लंडनमधल्याच डिंगवॉल्स या क्लबमध्ये. तेवढी दुरुस्ती केली तरी मुद्दा बदलत नाही. आपल्याला जे येते तेवढ्यावर मंचावर चढता येते हा धीर ब्रिटनमधल्या पुष्कळ मुलांना त्या दौऱ्याने दिला. स्टूजेस, एमसी५ आणि न्यूयॉर्क डॉल्स हे बँड रमोन्सच्या आधीचे आणि पंकचे खरे पूर्वज, हे मान्यच आहे. परंतु कोणालाही घरी नेऊन वाजवता येईल असा साचा रमोन्सने दिला, आणि त्यांना पहिले म्हणतात ते त्यासाठी.

त्या टी-शर्टवरचे चिन्ह बँडचे सर्वकाळचे सहकारी, मेक्सिकोत जन्मलेले आर्टुरो वेगा यांनी अमेरिकेच्या राष्ट्राध्यक्षांच्या मुद्रेवरून बेतले. मूळ मुद्रेत गरुडाच्या एका पायात ऑलिव्हची फांदी आणि दुसऱ्यात बाण असतात. वेगांनी फांदी सफरचंदाची केली आणि जॉनीला बेसबॉलचे वेड असल्यामुळे बाणांच्या जागी बेसबॉलची बॅट दिली. बँडला तगवण्यात या टी-शर्टच्या विक्रीचा मोठा वाटा होता, कारण रेडिओ त्यांची गाणी लावतच नसे. सिंगल म्हणून, म्हणजे अल्बमपासून वेगळे विक्रीला काढलेले त्यांचे अमेरिकेतले सर्वाधिक चाललेले गाणे ६६ व्या क्रमांकापर्यंत पोहोचले. यश मिळेल या आशेने त्यांनी १९८० च्या अल्बमसाठी फिल स्पेक्टर या नामांकित निर्मात्याला घेतले. त्याने जॉनीकडून एकच कॉर्ड तासन्तास पुनःपुन्हा वाजवून घेतली. तो अल्बम ४४ व्या क्रमांकापर्यंत गेला, त्याहून वर त्यांचा कोणताही अल्बम गेला नाही.

मग उरले दौरे. बहुतांशी एखाद्या नाटक कंपनीप्रमाणे एका गाडीतून फिरत त्यांनी २२ वर्षांत २,२६३ कार्यक्रम केले. प्रत्येक कार्यक्रमाची नोंद आणि मिळालेली बिदागी जॉनी वहीत टिपून ठेवत असे. टॉमी १९७८ मध्ये थकून बाहेर पडला आणि पुढे ड्रमर बदलत राहिले. डी डी हेरॉइनच्या व्यसनातून कधी पुरता सुटला नाही. १९८९ मध्ये तोही गेला, तरी बँडला गाणी लिहून देत राहिला. सर्वात चमत्कारिक अबोला मात्र जोई आणि जॉनी यांच्यातला. राजकारणात जोई डावीकडे झुकलेला, जॉनी कट्टर रिपब्लिकन. त्यात जोईची मैत्रीण त्याला सोडून जॉनीकडे गेली आणि पुढे त्याची पत्नी झाली. त्यानंतर दोघे एकाच गाडीतून वर्षानुवर्षे फिरले, रोज रात्री एकाच मंचावर उभे राहिले आणि एकमेकांशी जवळजवळ बोललेच नाहीत. १९८५ मध्ये राष्ट्राध्यक्ष रेगन यांनी बिटबुर्ग येथील, नाझी एसएस सैनिकांच्याही कबरी असलेल्या दफनभूमीला भेट दिली, तेव्हा जोईने त्याविरुद्ध गाणे केले; जॉनीला ते मुळीच रुचले नाही, पण गिटार त्यानेच वाजवली. ज्यांना रमोन्स म्हणजे बेफिकीर पोरे वाटतात त्यांनी या एवढ्या एका गोष्टीचा विचार करावा.

शेवटचा कार्यक्रम ६ ऑगस्ट १९९६ रोजी हॉलीवूडमध्ये झाला. जोई २००१ मध्ये, डी डी २००२ मध्ये, जॉनी २००४ मध्ये आणि टॉमी जुलै २०१४ मध्ये गेला. पहिल्या अल्बमला अमेरिकेत पाच लाख प्रतींचे सुवर्ण प्रमाणपत्र मिळाले ते त्याच २०१४ च्या एप्रिलमध्ये, म्हणजे मूळ चौघांपैकी एकटा टॉमी ते पाहू शकला.

आपल्याला ऐकायचे असेल तर पहिल्या अल्बमपासून सुरुवात करण्याची शिफारस सगळेच करतात, पण मी आपल्याला 'इट्स अलाइव्ह' हे थेट ध्वनिमुद्रण आधी ऐकायला सांगेन. ते ३१ डिसेंबर १९७७ च्या रात्री लंडनच्या रेनबो थिएटरमध्ये झाले आणि त्यात तासाभराच्या आत २८ गाणी येतात. दोन गाण्यांमधल्या जागांकडे मुद्दाम लक्ष द्या: टाळ्या विरायच्या आत डी डीची मोजणी सुरू झालेली असते.