मोर्चाची नोंद : वाचकांचे प्रश्न

प्रश्न : युद्धविरोधी मोर्चाला पोलिस सांगतात दोन हजार, आयोजक दहा हजार. आपण माणसं मोजायची कशी?

हा घोळ जुनाच. 15 फेब्रुवारी 2003 ला इराक युद्धाविरुद्ध लंडनमध्ये निघालेल्या मोर्चाचा आकडा पोलिसांनी साडेसात लाख सांगितला, आयोजकांनी वीस लाखांच्या घरात. सभा एका जागी असेल तर अमेरिकेतल्या बर्कली विद्यापीठाचे पत्रकारितेचे प्राध्यापक हर्बर्ट जेकब्स यांची रीत वापरा : विरळ गर्दीत माणशी 10 चौरस फूट, दाट गर्दीत साडेचार. 60 फूट रुंदीचा रस्ता 500 फूट भरला, तर विरळ धरून 3,000 माणसं आणि दाट धरून साडेसहा हजारांवर. गोम आहे ती 'दाट' कशाला म्हणायचं यात. मंचावरून काढलेल्या फोटोत डोक्यामागे डोकं दिसतं, मधल्या मोकळ्या जागा झाकल्या जातात. तिसऱ्या-चौथ्या मजल्यावरून फोटो घ्या, जागेचे चौकोन पाडा, प्रत्येक चौकोनाची दाटी वेगळी धरा. मंच, दुभाजक, रुग्णवाहिकेची वाट वजा करा.

चालत्या मोर्चात एका जागी उभं राहून दर पाच मिनिटांतलं एक मिनिट मोजा आणि पाचाने गुणा. वाटेत लोक येतात, गळतात. म्हणून मोजणारा दुसरा माणूस शेवटच्या टप्प्यावर हवा. आकड्याशेजारी जागा आणि वेळ लिहाच.

प्रश्न : जानेवारी 2004 मध्ये गोरेगावला भरलेल्या वर्ल्ड सोशल फोरम या जगभरच्या चळवळींच्या मेळाव्यातल्या युद्धविरोधी सभांच्या सहा मिनी-डीव्ही (छोट्या डिजिटल व्हिडिओ) कॅसेट आहेत. एकीवर पांढरी बुरशी दिसते. या कॅसेट संगणकावर कशा उतरवायच्या?

ती लावूच नका. बुरशी कॅमेऱ्याच्या हेडला, म्हणजे टेप वाचणाऱ्या भागाला, लागते आणि तिथून पुढच्या कॅसेटला. ती वेगळ्या पिशवीत ठेवून जाणकाराकडे द्या. बाकीच्या पाचांचा मागच्या कडेचा सरकता खटका आधी 'सेव्ह'कडे करा. चुकून रेकॉर्डचं बटण दाबलं गेलं तर सभा पुसली जाईल. टेप एकदा शेवटपर्यंत पुढे-मागे फिरवून घ्या. मग फायरवायरनेच, म्हणजे कॅमेऱ्यातलं डिजिटल चित्रण जसंच्या तसं संगणकात नेणाऱ्या केबलनेच, उतरवा. पिवळ्या-लाल-पांढऱ्या केबलने चित्राचा दर्जा उतरतो. तासाच्या टेपला तासभरच लागतो, जागा सुमारे 13 जीबी. एलपीवर (टेप हळू फिरवून जास्त वेळ चित्रण करण्याच्या पद्धतीने) चित्रण केलेली टेप दुसऱ्या कॅमेऱ्यावर अडखळते, मूळ कॅमेरा शोधा.

प्रश्न : कार्यकर्त्यांनी व्हॉट्सॲपवर पाठवलेल्या फोटोंची वेळ सापडत नाही.

साधा फोटो म्हणून पाठवला की व्हॉट्सॲप त्याची फाइल लहान करतं आणि वेळेची माहिती गळते. 'डॉक्युमेंट' म्हणून मागवा. चेहरे झाकायचे ते प्रसिद्ध करायच्या प्रतीत. मूळ फाइलला हात लावू नका.