मोजणी आपल्या बाजूने आली, तरी ‘जैसे थे’ आदेश मोडता येत नाही

गिरणारे परिसरातील एका द्राक्षबागायतदारांचा प्रश्न आहे. हद्दीच्या दाव्यात शेजाऱ्याच्या निशाणी ५ च्या (तात्पुरत्या मनाईच्या) अर्जावर न्यायालयाने ‘जैसे थे’ आदेश दिला होता. पुढे भूमी अभिलेख कार्यालयाच्या मोजणीत हद्द आपल्या बाजूने निघाली म्हणून त्यांनी जुना बांध जेसीबीने सपाट केला आणि सिमेंटचे खांब नव्या खुणांवर रोवले. आता आदेशभंगाची नोटीस आली आहे, तर मोजणीची ‘क’ प्रत (मोजणीचा अधिकृत नकाशा) दाखवून सुटका होईल का? अशी विचारणा माझ्याकडे वारंवार होते.

सुटका होणार नाही. जमीन कोणाची हे दाव्यात ठरेल आणि ‘क’ प्रत तेथे कामाची आहे. नोटिशीपुढे प्रश्न एवढाच आहे की, बांध काढला त्या दिवशी आदेश लागू होता का आणि तो आपल्याला माहीत होता का. दोन्हींचे उत्तर ‘होय’ आहे, हे आपल्याच पत्रातून दिसते. मनाई आदेश पुढे रद्द झाला तरी तो लागू असताना केलेला भंग पुसला जात नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने १९९८ मध्येच स्पष्ट केले आहे.

दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश ३९, नियम ४ खाली आदेशात बदल मागण्याचा मार्ग आपल्याला खुला होता. मोजणी हाती आल्यावर तो अर्ज द्यायचा सोडून आपण जेसीबी बोलावला. तारखांवर तारखा पडतात, शेतकरी त्यात पिचतो, हे मी रोज पाहतो आणि त्याची मलाही चीड येते. पण त्या विलंबावर आपण शोधलेल्या उपायाने आपलाच भक्कम दावा अडचणीत आला आहे.

आदेश मोडल्यास याच आदेश ३९ च्या नियम २अ खाली मालमत्तेची जप्ती आणि तीन महिन्यांपर्यंत दिवाणी कैद होऊ शकते. प्रत्यक्षात काय होईल, हे बरेचसे आपल्या पहिल्या उत्तरावर अवलंबून राहील. त्यात ‘चूक झाली असल्यास’ अशी सशर्त माफी नको, मोजणीचे समर्थनही नको. बिनशर्त माफी मागा आणि बांध व खांब पूर्वीच्या जागी स्वखर्चाने बसवून देण्याची तयारी पुरसिस (न्यायालयात द्यायचे लेखी निवेदन) देऊन नोंदवा. मात्र न्यायालयाच्या परवानगीवाचून आता एकही खांब हलवू नका, कारण त्यातून भंगाची नवी तक्रार उभी राहू शकते. हे काम न्यायालयाने नेमलेल्या कोर्ट कमिशनरसमोर, छायाचित्रांसह व्हावे, अशी विनंती करा. शेजाऱ्याच्या वेली उपटल्या गेल्या असतील, तर भरपाईची रक्कम जमा करण्याचीही तयारी दाखवा. नियम ४ चा अर्ज त्यानंतर, स्वतंत्रपणे द्यावा.

शेजारी मुंबई उच्च न्यायालयात अवमान याचिकाही करतील का, हे आज सांगता येत नाही. तसे झाल्यास न्यायालय अवमान अधिनियम, १९७१ च्या कलम २० मधील एक वर्षाची मुदत तपासावी लागेल, म्हणून बांध काढल्याची नेमकी तारीख आपल्या वकिलांना लपवाछपवी न करता सांगा. नियम २अ खालील आदेश विरुद्ध गेला तर त्यावर अपील करता येते. मात्र अपिलातही आपले हे पहिले उत्तरच वाचले जाईल, म्हणून ते वकिलांसोबत बसून, मसुदा स्वतः वाचूनच दाखल करा.