थांबा हलवला, पण कोणत्या अधिकारात?

प्रश्न : वकीलताई, एसटी स्थानकाच्या दाराशी आम्ही अठराजण टॅक्सी लावतो. गेल्या महिन्यात नगरपरिषदेने ठराव करून आमचा थांबा बाजारामागच्या गल्लीत नेला. आम्हाला ना नोटीस, ना बोलावणं. जुन्या जागी उभं राहिलं की चलान फाडतात. पंचवीस वर्षांचा थांबा असा हलवता येतो का? कोर्टात गेलो तर जिंकू का?
– एक टॅक्सीचालक

उत्तर : पंचवीस वर्षांचा मुद्दा अर्जाच्या पहिल्या ओळीत लिहू नका. तो खरा आहे, पण न्यायालयात त्यावर टिकाव लागत नाही. रस्त्यावर धंदा करण्याचा हक्क आहे, अमुकच जागी करण्याचा नाही, असं सर्वोच्च न्यायालयाच्या घटनापीठाने 1989 मध्ये सोदान सिंग प्रकरणात फेरीवाल्यांबाबत सांगितलं आहे. समोरचा वकील तुम्हाला तेच ऐकवणार.

तुम्ही विचारायचं ते वेगळंच : थांबा हलवला कोणी? मोटार वाहन कायदा, 1988 च्या कलम 117 प्रमाणे वाहनं कुठे उभी राहायची ते राज्य सरकार किंवा सरकारने अधिकार दिलेली यंत्रणा ठरवते, आणि ते स्थानिक संस्थेशी विचारविनिमय करून. म्हणजे या कलमात नगरपरिषदेचं मत घ्यायचं असतं. नुसता तिचा ठराव पुरत नाही. तसा आदेश निघाला आहे का, की ठराव होताच फलक उभा राहिला? ठराव, सभेची विषयपत्रिका, इतिवृत्त आणि आदेश, हे चार कागद माहिती अधिकारात आजच मागा.

कागदांसाठी मी इतकी अडून बसते त्याला कारण आहे. वकिलीत नवी असताना एका रिक्षाथांब्याच्या याचिकेत मी पानंच्या पानं चालकांच्या हालांबद्दल लिहिलं, आदेशाची प्रत मात्र जोडली नाही. ‘आव्हान नेमकं कशाला?’ हा न्यायमूर्तींचा पहिलाच प्रश्न. माझ्याकडे उत्तर नव्हतं. बाहेर व्हरांड्यात उभ्या असलेल्या त्या माणसांचे चेहरे मी विसरलेले नाही.

नोटीस न देणं हा तुमचा दुसरा भक्कम मुद्दा. 1985 च्या ओल्गा टेलिस निकालात पदपथावरच्या झोपड्या हटवायचा पालिकेचा अधिकार न्यायालयाने मान्य केला, पण माणसाच्या पोटावर येणारी कारवाई करण्याआधी सहसा त्याचं ऐकून घेतलंच पाहिजे, हेही बजावलं. तुमचं कोणी ऐकलंच नाही.

उच्च न्यायालयाआधी जिल्हाधिकाऱ्यांकडे जा. महाराष्ट्र नगरपरिषद अधिनियम, 1965 च्या कलम 308 खाली बेकायदा किंवा लोकांना त्रासदायक ठरावाची अंमलबजावणी ते थांबवू शकतात. अर्ज द्या, पोच घ्या. तिथे दाद लागली नाही तर राज्यघटनेच्या अनुच्छेद 226 खाली उच्च न्यायालयात रिट याचिका, म्हणजे सरकारी निर्णयाला थेट आव्हान. तिला ठरावीक मुदत नाही, पण ‘इतके दिवस गप्प का बसलात?’ हा प्रश्न येतोच, म्हणून महिने घालवू नका. तोवर हट्टाने जुन्या जागी गाड्या लावू नका. चलानांचा ढीग तुमच्याच विरुद्ध दाखवला जाईल.

जिंकाल का? थांबा कुठे हवा हे न्यायालय सहसा स्वतः ठरवत नाही. निर्णय घेण्याची पद्धत चुकली असेल तर तो रद्द करून ‘यांचं ऐका आणि पुन्हा ठरवा’ असं सांगेल. खरी लढाई त्या सुनावणीत आहे, आणि तिची तयारी आत्तापासून करा. रस्त्याची रुंदी मोजा, नकाशा काढा. अठराच्या अठरा गाड्या दाराशी हव्यात असं म्हणू नका. चार दाराशी, बाकीच्या गल्लीत आणि पाळीपाळीने पुढे, असा लेखी प्रस्ताव द्या. म्हाताऱ्या, सामान घेतलेल्या प्रवाशांना त्या गल्लीपर्यंत किती चालावं लागतं तेही लिहा. फोटो मात्र दुपारचे नकोत, रात्रीची शेवटची एसटी येते तेव्हाचे काढा.